जत पूर्वेच्या गावांत सरकारी नोटीस मराठीसोबत कन्नडमध्येही लागावी का?

दप्तरी_सांगली

मुद्दा थेट मांडतो. बेळगाव, खानापूर भागातल्या मराठी माणसाला सरकारी कागद मराठीतून मिळावेत, ही आपली जुनी मागणी. तिच्यासाठी 1956 च्या केंद्राच्या निवेदनाचा आधार घेतला जातो. भाषिक अल्पसंख्याकांच्या संरक्षणासाठी निघालेल्या त्या निवेदनात म्हटलंय, की एखाद्या भागात 15 ते 20 टक्के लोकांची भाषा वेगळी असेल तर महत्त्वाच्या सूचना त्या भाषेतही काढाव्यात. माझं म्हणणं एवढंच, की हेच माप सांगली जिल्ह्यातल्या, कर्नाटकाला लागून असलेल्या जत तालुक्याच्या पूर्वेला, उमदी-संखच्या पट्ट्यात लावा. तिथल्या कित्येक घरांत कन्नड बोलतात आणि जिल्हा परिषदेच्या कन्नड माध्यमाच्या शाळाही आहेत. आपला तो बाब्या नि दुसऱ्याचं ते कार्टं, हे भाषेच्या बाबतीत तरी नको.

सगळं दप्तर दोन भाषांत करा असं मी म्हणत नाही. ज्या कागदावर मुदत चालू होते तेवढेच घ्या.

पहिला कागद फेरफाराची, म्हणजे सातबाऱ्यावरची नावं बदलण्याच्या नोंदीची, नमुना 9 ची नोटीस. ती लागली की हरकतीला 15 दिवस. हरकत आली नाही की मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो, आणि मग बहिणीचं नाव कमी झालंय, हिस्सा चुकलाय हे कळून उपयोग नाही. प्रांताकडे अपील, त्यालाही 60 दिवसांची मुदत. दुसरा ग्रामसभेच्या सूचनेचा, 7 दिवस आधीचा. तिसरा भूसंपादनाचा. 2013 च्या कायद्याचं कलम 11 वाचा. प्राथमिक अधिसूचना पंचायतीत, तहसील कार्यालयात ‘स्थानिक भाषेत’ लावा, असं ते सांगतं. वर्तमानपत्रासाठी त्याच कलमात ‘प्रादेशिक भाषा’ हा वेगळा शब्द आहे. कायदा करणाऱ्यांनी दोन शब्द उगाच वापरलेले नाहीत. हरकतीचे 60 दिवस त्या कागदापासून मोजले जातात, मग जिथं घरोघरी कन्नड आहे तिथं स्थानिक भाषा कोणती?

कराड_वकिली

दप्तरी साहेब, भावना मान्य. पण कागद दोन भाषांत निघाला की वाद दुप्पट होतो, हे तुम्ही लक्षात घेतलेलं दिसत नाही.

महाराष्ट्र राजभाषा अधिनियम 1964 चा. राज्याच्या कारभाराची भाषा देवनागरीतली मराठी. स्थानिक प्राधिकरणांसाठी 2022 चा वेगळा कायदा आला, त्यातही मराठीच. आता समजा नमुना 9 मराठीत बरोबर आहे आणि खालच्या कन्नड मजकुरात गट नंबर चुकला. पंधरा दिवस कोणत्या मजकुरापासून मोजायचे? हरकतदार म्हणणार, मला जे वाचता येत होतं ते चुकीचं होतं. हे म्हणणं मान्य झालं तर नोंद उलटते. अमान्य झालं तर माणसाने कन्नड वाचलं काय नि न वाचलं काय. दोन्हीकडून नुकसान गावाचंच.

1956 चं निवेदन हा कायदा नाही. ते राज्यांनी पाळायचं धोरण आहे, न्यायालयात त्याच्या जोरावर आदेश मिळेल असं समजू नका. बेळगावची लढाई म्हणूनच इतकी वर्षं रखडली.

जतपूर्व

वकील साहेब, पातूरचा निकाल विसरलात का? अकोला जिल्ह्यातल्या पातूर नगरपरिषदेच्या फलकावर मराठीखाली उर्दू होती, ती काढा म्हणून प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. 15 एप्रिल 2025 ला न्यायालयाने सांगितलं, की 2022 चा कायदा मराठी सक्तीची करतो, मात्र तिच्या जोडीला दुसरी भाषा लावायला मनाई करत नाही. मग कायद्याची भिंत राहिली कुठं?

आणि राज्याला कन्नड जमत नाही हे कुणी सांगू नये. बालभारती कन्नडमध्ये पाठ्यपुस्तकं छापते. दहावीची परीक्षा कन्नड माध्यमातून देता येते. जे राज्य पोराला दहा वर्षं कन्नडमधून भूगोल शिकवतं, त्याला पोराच्या बापासाठी अर्ध्या पानाची नोटीस कन्नडमध्ये काढता येत नाही, हे पटत नाही.

कराड_वकिली

पातूरचा निकाल मी वाचलाय. तो नावाच्या फलकाबद्दल आहे. फलकावर चूक झाली तर कुणाचा हिस्सा जात नाही, नोटिशीवर झाली तर जातो. निकालाला त्याच्या जागेच्या बाहेर ताणू नका.

मिरज_मराठी

मी विरोधातच आहे, आणि कारण कायद्याचं नाही. त्या पोरांचं पुढं काय, हे बघा. 2023 च्या तलाठी भरतीत 100 प्रश्न 200 गुणांचे होते, त्यातले 25 प्रश्न, म्हणजे 50 गुण, निव्वळ मराठीचे. मराठी कच्ची राहिली तर जतचं पोरगं तिथंच मागं पडतं. 2020 च्या कायद्याने सगळ्या माध्यमांच्या शाळांत मराठी सक्तीची केली ती म्हणूनच. गावातला प्रत्येक कागद कन्नडमध्ये मिळायला लागला की मराठी ही फक्त परीक्षेपुरती उरते. व्यवहारात लागत नाही ती भाषा शाळेत कुणी मनापासून शिकत नाही. इंग्रजीचं उदाहरण डोळ्यांसमोर आहे. ती व्यवहारात लागते म्हणूनच पालक पैसे मोजून मुलांना इंग्रजी शाळेत घालतात.

आणि मराठीचं तरी कुठं सगळं जागच्या जागी आहे? कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच 18 ऑगस्ट 2025 पासून सुरू झालं. साताऱ्या-सांगलीच्या माणसाची मुंबईची खेप वाचली, याचा आनंदच आहे. पण राज्यघटनेच्या अनुच्छेद 348 मुळे कामकाज इंग्रजीतच. दिवाणी न्यायालयातला मराठी पुरावा वर नेताना पान न् पान भाषांतर करून द्यावं लागतं. राज्यपालांना राष्ट्रपतींच्या संमतीने दुसरी भाषा आणता येते, ती वाट राजस्थान, उत्तर प्रदेश, मध्य प्रदेश आणि बिहारने हिंदीसाठी वापरली. आपण नाही. शक्ती आधी तिकडं लावा.

दप्तरी_सांगली

मिरजकर, 348 चं म्हणणं सोळा आणे खरं. पण एक काम अडलंय म्हणून दुसरं थांबवायचं, हे मला मान्य नाही. मराठीचा खटला उच्च न्यायालयात गेला की आपण जे सोसतो, तेच सत्तर वर्षांची म्हातारी संखच्या चावडीवर सोसते. तिला तलाठी परीक्षा द्यायची नाही, तिला पंधरा दिवसांत हरकत द्यायची आहे. पोराला मराठी शिकवण्याचा भार आजीच्या हिश्श्यावर का टाकायचा?

सातारा_राजवाडा

थोडं बाजूला जाऊन बोलतो, पण धागा तिथंच जुळतो. 1976 च्या केंद्राच्या राजभाषा नियमांत नियम 5 असा आहे, की हिंदीत आलेल्या पत्राला केंद्रीय कार्यालयाने हिंदीतच उत्तर द्यायचं. मराठी पत्रासाठी असा नियम नाही. अनुच्छेद 350 प्रमाणे गाऱ्हाणं संघराज्यात किंवा राज्यात वापरल्या जाणाऱ्या कोणत्याही भाषेत देता येतं, पण उत्तर कोणत्या भाषेत, यावर ते गप्प आहे. आपल्याला हे खुपतं. एप्रिल 2025 च्या शासन निर्णयाने पहिलीपासून हिंदी आणली तेव्हा अख्खा महाराष्ट्र उठला, आणि 29 जूनला ते निर्णय मागे घ्यावे लागले. तेव्हा आपण काय म्हणत होतो? वरून लादू नका, लोकांची भाषा बघा. तेच बोलणं जतला लागू होतं.

मिरज_मराठी

नाही, तुलना चुकतेय. हिंदी आपल्यावर तिसरी भाषा म्हणून येत होती. जतमध्ये मराठी ही राज्याची भाषा आहे, लादलेली परकी भाषा नव्हे. तिचा मान वेगळा.

वाईकर

कायद्याचं तुम्ही बघा, शब्दांचं मी बोलतो. विश्वकोशाच्या गावात परिभाषेचा विचार केल्याशिवाय राहवत नाही. या कामात खरी अडचण तिथंच येणार आहे.

महसुली मराठी यंत्राने भाषांतरित करू नका, कधीच नको. ‘गट’ म्हणजे एकत्रीकरणानंतरचा जमिनीचा क्रमांक. यंत्र त्याचा ‘समूह’ करून बसण्याचा धोका आहे. ‘पोटखराबा’ म्हणजे लागवडीलायक नसलेलं क्षेत्र, त्याची फोड पोट आणि खराब अशी झाली की वाचणाऱ्याला काहीच कळणार नाही. ‘फेरफार’चा बोलण्यातला अर्थ तर कागदात गडबड असाच होतो. गंमत म्हणजे यातले कित्येक शब्द सीमेपलीकडेही चालतात. उत्तर कर्नाटकात जमिनीच्या कागदाला ‘उतार’च म्हणतात, नापीक जमिनीला ‘खराब’, मापाला ‘गुंटे’. म्हणजे भाषांतर न करता तोच शब्द कन्नड लिपीत लिहिला तर उमदीचा शेतकरी जास्त लवकर समजेल. कर्नाटकात एकर-गुंटे चालतं, आपल्या सातबाऱ्यावर हेक्टर-आर. नोटिशीत हेक्टर-आर ठेवून शेजारी एकर-गुंठे लिहावेत: 40 गुंठे म्हणजे एक एकर, आणि एक गुंठा म्हणजे साधारण 1.01 आर.

आकडे 1, 2, 3 असे आंतरराष्ट्रीय रूपातच असू देत. वर देवनागरी आणि खाली कन्नड आकडे आले तर गट नंबर जुळवताना माणूस हमखास चुकेल. वकील साहेबांची भीती निम्मी इथंच कमी होते, कारण क्रमांक दोन्हीकडे अक्षरशः तोच राहतो.

पन्नास-साठ शब्दांची यादी एकदा पक्की करा. भाषा संचालनालयाने पदनाम कोश करून ठेवला आहे, त्याच धर्तीवर महसुली शब्दांचा मराठी-कन्नड तक्ता करायला काही वर्षं लागत नाहीत.

जतपूर्व

वाईकर, टंकलेखनाचंही लिहितो, कारण गोची तिथं होते. कन्नड मजकूर ‘नुडी’सारख्या जुन्या फाँटमध्ये टाइप केला तर दुसऱ्या संगणकावर चिन्हांचा कचरा दिसतो. आपल्या श्रीलिपीचं जे झालं तेच. मजकूर युनिकोडमध्येच हवा. विंडोजमधला ‘निर्मला यूआय’ फाँट देवनागरी आणि कन्नड दोन्ही दाखवतो, त्यामुळे एकाच पानावर दोन्ही लिप्या बसतात. साचा एकदा करायचा: ठरलेली वाक्यं कायमची भाषांतरित, बदलणारं फक्त नाव, गट, क्षेत्र आणि तारीख. तलाठ्याला कन्नड लिहावंच लागत नाही, चार रकाने भरले की झालं.

नावाचं लिप्यंतर मात्र डोळ्यांनी तपासायला हवं. इंग्रजीवरून फिरवलं की ‘काळे’चा ‘काले’ होतो. मराठी ‘ळ’ कन्नडमध्येही आहे, म्हणून मराठीवरून थेट कन्नडमध्ये न्या, मध्ये इंग्रजी आणू नका.

कराड_वकिली

साच्याची कल्पना मला पटते, हे मोकळेपणाने सांगतो. ठरलेली वाक्यं कायम राहिली तर चुकीची जागा नावापुरती उरते. पण तपासणार कोण? कन्नड शाळेच्या गुरुजींना बसवू म्हणाल तर शिक्षण हक्क कायद्याचं कलम 27 आडवं येतं. जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणूक सोडून शिक्षकांना अशैक्षणिक काम देता येत नाही.

आणि गावं कशी निवडणार? मातृभाषेचे जनगणनेचे आकडे तालुक्यापर्यंत मिळतात, गावनिहाय प्रसिद्ध होत नाहीत. तालुक्याच्या आकड्यावर ठरवलं तर पूर्वेची गावं आणि जत शहर एकाच मापात येतात.

दप्तरी_सांगली

गावांसाठी शाळेचं हजेरीपत्रक घ्या. जिथं जिल्हा परिषदेची कन्नड शाळा चालू आहे, ते गाव यादीत. आकड्यांची वाट बघायची गरज नाही, सरकारनेच ती गावं आधी ओळखलेली आहेत.

दवंडीला तर शासन निर्णयही लागू नये. ग्रामसभेची दवंडी गावात बोलतात त्या भाषेत दिली तर कोणता नियम मोडतो, हे मला कुणी दाखवावं.

मिरज_मराठी

दवंडीला माझी हरकत नाही, लिहून ठेवा. कागदाला आहे. आणि कागद काढायचाच असेल तर वर ठळक अक्षरांत मराठी, अधिकृत मजकूर मराठीच, असं छापलेलं हवं.

कराड_वकिली

तसं छापलं की माझा पहिला प्रश्न परत उभा राहतो. दप्तरी साहेब, कन्नड मजकुराखाली सही कुणाची? तलाठ्याला कन्नड येत नसेल तर जे वाचता येत नाही त्याखाली तो सही करणार का?

दप्तरी_सांगली

सही मराठी मजकुराखाली एकच. कन्नड मजकुराखाली ‘भाषांतर तपासले’ एवढीच ओळ आणि तहसीलच्या पातळीवर नेमलेल्या कन्नड जाणणाऱ्या लिपिकाचं आद्याक्षर. संखला अप्पर तहसील आहे, तिथं एक माणूस पुरतो. भाषांतरात चूक निघाली तर नवीन नोटीस आणि नव्याने पंधरा दिवस. तेवढा उशीर सोसायला लागेल.