'दरखास्त' म्हणजे नेमकं काय? आणि 'बजावणी', 'अंमलबजावणी' एकच का?

प्रश्न

आईच्या घराच्या दाव्याचा निकाल आमच्या बाजूने लागला. पेढे वाटून झाले. दुसऱ्या दिवशी वकील म्हणाले, "आता दरखास्त दाखल करू." आजोबा मामलेदाराकडे दरखास्त द्यायचे ती माहीत आहे, म्हणजे साधा अर्ज. पण जिंकलेल्याने कसला अर्ज करायचा? शिवाय पेपरात 'अंमलबजावणी' छापतात आणि दरखास्तीनंतर निघालेल्या आमच्या वॉरंटावर (घराचा कब्जा देण्याच्या कोर्टाच्या हुकमावर) 'बजावणी' आहे. फरक काय?

उत्तर

तीस वर्षं दिवाणी कोर्टात कारकुनी केली, म्हणून लिहितो. 'दरखास्त' फारसी आहे, मूळ अर्थ मागणं, विनंती. आजोबांचा अर्थ बरोबरच. पण महाराष्ट्रातल्या दिवाणी कोर्टात या शब्दाला एकच अर्थ उरला आहे: मिळालेल्या हुकूमनाम्याप्रमाणे, म्हणजे निकालातल्या कोर्टाच्या आदेशाप्रमाणे, प्रत्यक्ष करून द्या, असा अर्ज. रेग्युलर दरखास्त, स्पेशल दरखास्त असे त्याचे नंबर पडतात. दाव्यातला वादी इथे 'दरखास्तदार' होतो. कोर्ट निकाल देऊन थांबतं; तो आपणहून अमलात येत नाही, मागावा लागतो. मुदत १२ वर्षांची आहे, पण तेवढं थांबू नका.

'बजावणे' हा फार कामाचा शब्द. समन्स बजावतात, मतदानाचा हक्क बजावतात, आई मुलाला बजावून सांगते. तिन्हींत गोष्ट शेवटपर्यंत पोचवणं आहे. म्हणून बेलीफ, म्हणजे कोर्टाचे हुकूम पोचवणारा कर्मचारी, वॉरंट घेऊन दारात उभा राहतो, ती बजावणी. 'अंमलबजावणी' कायद्याची, योजनेची, धोरणाची. हुकूमनाम्याला दोन्ही शब्द लावतात, चूक कुणाचीच नाही; पण कोर्टाच्या आवारात 'बजावणी'च ऐकू येईल.

एक शब्द मात्र मला कायम खटकत आला. हरलेल्याला कागदोपत्री 'ऋणको', म्हणजे देणेकरी, म्हणतात. तुमच्या दाव्यात कुणी कुणाचं पैशाचं देणं लागत नाही, घर अडवून बसलाय, तरी तो ऋणको! अशिलांना हे समजावताना दर वेळी पाच मिनिटं जायची.

आणखी एक उत्तर

गेल्या वर्षी बातम्यांत आलेला 'आढावा' शब्दही इथेच घेऊ. तमिळनाडूतल्या एका जमिनीच्या प्रकरणात, पेरियम्मल खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाने ६ मार्च २०२५ रोजी सगळ्या उच्च न्यायालयांना सांगितलं की आपल्याकडच्या प्रलंबित दरखास्तींची माहिती गोळा करा आणि त्या सहा महिन्यांत निकाली काढायला लावा. ऑक्टोबरमध्ये आढावा घेतला तेव्हा आकडा निघाला ८,८२,५७८. त्यातल्या सुमारे ३ लाख ४१ हजार मुंबई उच्च न्यायालयाच्या अखत्यारीत, देशात सर्वांत जास्त. आपल्याला 'दरखास्त' शब्द इतका ओळखीचा का, हे त्यावरून कळतं.

एका बातमीत याला 'पुनर्विलोकन' म्हटलं होतं. ते चूक. पुनर्विलोकन म्हणजे आपलाच निकाल त्याच न्यायालयाने पुन्हा तपासणं. इथे निकाल तोच राहिला, काम कुठवर आलं ते पाहिलं गेलं. तो आढावा.

दुखणं जुनं आहे. भारतात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हाती आल्यावर सुरू होतात, असं प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे इंग्रजी अमलातल्या लंडनच्या सर्वांत वरच्या अपील न्यायालयाने, १८७२ मध्येच म्हटलं होतं.

प्रश्नकर्ती

काका, खूप आभार. वॉरंटाची पाठ आत्ता वाचली. बेलिफाने लिहिलंय: "घरास कुलूप आढळले, आत कोणी हजर नाही, सबब कब्जा देता आला नाही." इथे 'सबब' म्हणजे बहाणा केला असं लिहिलंय का? आई ते वाचून रात्रभर झोपली नाही.

उत्तर

नाही ताई, आईंना लगेच सांगा. बोलण्यात सबब म्हणजे बहाणा, कोर्टाच्या मराठीत 'सबब' म्हणजे 'म्हणून'. कुलूप होतं म्हणून कब्जा देता आला नाही, एवढंच. आता वकिलांना कुलूप तोडून कब्जा देण्याचा अर्ज द्यायला सांगा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१, नियम ३५ मध्ये तशी तरतूद आहे. आणि बेलीफ पुन्हा जाईल तेव्हा दोन पंच बरोबर ठेवा. 'कब्जा पावती'वर सही करण्याआधी प्रत्येक खोली उघडून बघा. सगळं घर रिकामं मिळालं असेल तरच सही करा.