‘योजणे’ म्हणजे नशिबात असणे का?

प्रश्न : चुलतभाऊ सैन्यभरतीत उंचीत कमी पडला. आता गावच्या तालमीत पोरांना कुस्ती शिकवतो आणि त्यात रमलाय. परवा काका म्हणाले, “देवानं त्याच्यासाठी वेगळंच योजलं होतं.” इथे ‘योजणे’ म्हणजे नशिबात असणे, असंच ना? मग ‘उपाय योजणे’मधला शब्द हाच की दुसरा?

उत्तर : शब्द एकच. मूळ संस्कृत ‘युज्’ धातू : जोडणे, जुंपणे. बैलांच्या मानेवरचं ‘जू’ याच धातूच्या ‘युग’पासून आलं; इंग्रजी ‘योक’ही त्याच घराण्यातला. प्राकृतातून येताना सुरुवातीच्या ‘य’चा ‘ज’ होतो. यात्रेची जत्रा झाली, योगीचा जोगी, योग्यचा जोगा (‘करण्याजोगा’मधला). ‘योजणे’त ‘य’ शाबूत आहे, म्हणजे हा शब्द ग्रंथांच्या भाषेतून आलेला. तरी तो तुमच्या काकांच्या तोंडी इतका सहज बसतो, याचं मला फार अप्रूप वाटतं.

‘ठरवणे’ आणि ‘योजणे’ यांत फरक आहे. योजताना एखादी गोष्ट एखाद्या कामाला लावायची असते. म्हणून दुखण्यावर उपाय योजतात, कवितेत शब्द योजतात. ‘अयोग्यः पुरुषो नास्ति योजकस्तत्र दुर्लभः’ या सुभाषितात नेमकं हेच आहे : कुचकामी माणूस नसतोच, त्याला जागी लावणारा मिळणं कठीण. यातले ‘अयोग्य’ आणि ‘योजक’ दोन्ही युज्‌चेच.

त्यामुळे ‘नशिबात असणे’ हा अर्थ मला पुरेसा वाटत नाही. ‘कपाळी लिहिलेलं’, ‘पाचवीला पुजलेलं’ म्हणताना कशासाठी हा प्रश्नच नसतो. सटवाई लिहून जाते, कारण सांगत नाही. ‘योजलं’ म्हटलं की योजणारा आला, आणि त्याच्या मनातला हेतूही आला. ‘प्रयोजन’ याच धातूचं.

आणखी एक प्रतिसाद : हेतूचं पटलं. पण आमच्याकडे ठरता ठरता लग्न फिसकटलं की ‘योग नव्हता’ म्हणतात. योगही युज्‌चाच ना? त्यात कुणाचा हेतू?

उत्तर : कुणाचाच नाही, आणि हा मुद्दा तुम्ही अचूक पकडलात. ‘योग’ म्हणजे जुळणं, ‘योजणे’ म्हणजे जुळवणं. ‘योजणे’च्या मागे संस्कृतातलं ‘योजयति’ हे प्रयोजक रूप आहे. (‘प्रयोजक’ ही व्याकरणातली संज्ञासुद्धा युज्‌पासूनच!) योग येतो किंवा येत नाही, योजायला कुणीतरी लागतं. ‘योजलं एक, झालं भलतंच’ यातही योजणारा आहेच, फक्त त्याच्या हाती यश नाही.

काकांच्या वाक्यात दोन्ही शब्द आपापल्या जागी बसवून बघा. भरतीच्या बाबतीत ते ‘योग नव्हता’ म्हणू शकले असते. तालमीच्या बाबतीत त्यांना ‘योजलं’च म्हणायचं होतं.