लघुपटाच्या शेवटी चित्र जाळावे का?

धूसर:
मी पुण्यात एरंडवण्यातील घरी आठ मिनिटांचा एक प्रायोगिक लघुपट करत आहे. एकाच मोठ्या कागदावर कोळशाने चित्र काढायचे, थोडे खोडायचे, पुन्हा काढायचे आणि प्रत्येक बदलानंतर छायाचित्र घ्यायचे, अशी त्याची रीत आहे. सेकंदाला १२ चित्रे धरल्यास ५,७६० छायाचित्रे होतात. शेवटी तो कागद कॅमेऱ्यासमोर जाळण्याचे ठरवले होते, परंतु निर्मिती आणि विनाश या विषयाला तो शेवट आता फार सोयीचा वाटू लागला आहे. आपले मत काय?

काजळी:
दक्षिण आफ्रिकेचे चित्रकार विल्यम केंट्रिज १९८९ पासून याच पद्धतीने चित्रपट करत आले आहेत आणि त्यांच्या कागदावर खोडलेल्या रेषेचा डाग राहतो, तोच पुढे त्या चित्राची स्मृती होतो. तुमच्याकडे विनाश पहिल्या मिनिटापासून घडतच आहे, मग आग कशाला? फक्त खोडरबर फार चांगला घेऊ नका.

शाडू:
मी कसबा पेठेतला, त्यामुळे मला माती आठवते. शाडूची मूर्ती न भाजलेली असते, म्हणूनच ती घरच्या बादलीत विरघळते, आणि खाली बसलेला गाळ वाळवून पुढच्या वर्षी पुन्हा मळता येतो. मात्र त्याला कोणी विनाश म्हणत नाही. उत्तरपूजेत आपण 'पुनरागमनाय च' म्हणतो. कागद जाळण्याऐवजी भिजवून त्याचा लगदा का करू नये? शिवाजीनगरच्या हातकागद संस्थेत लगद्यापासून कागद कसा उचलतात, ते एकदा पाहून या.

रिळ:
लगद्याची कल्पना देखणी आहे, पण त्यातून शेवट गोड होईल, असे मला वाटते. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची नायट्रेटची, म्हणजे चटकन पेट घेणाऱ्या जुन्या फिल्मची रिळे २००३ मध्ये पुण्यातच आगीत गेली, तेव्हा नोंदच नष्ट झाली होती. तुमचा कागद जळाला तरी ५,७६० छायाचित्रे संगणकात सुखरूप राहणार, म्हणजे त्या आगीत जोखीम कसलीच नाही.

धूसर:
रिळ यांचा आक्षेप मला टाळता येत नाही. आग रद्द केली आहे. शेवटची वीस सेकंदे सगळे खोडून झालेला, काळवंडलेला कागद स्थिर दाखवीन. लगद्याचा विचार चित्रीकरण संपल्यावर करू.