पोकेरोग: हरायला लागलं की पान रिफ्रेश करणं योग्य का?

गवताळ_वाट
पोकेरोग या ब्राउझरमध्ये खेळायच्या, चाहत्यांनी बनवलेल्या पोकेमॉन गेममध्ये प्रत्येक वेव्ह (लढतीचा टप्पा) सुरू होताना डाव आपोआप सेव्ह होतो. त्यामुळे टीम आडवी व्हायच्या आत पान रिफ्रेश केलं की तीच वेव्ह पहिल्यापासून खेळता येते. क्लासिक या मुख्य मोडमध्ये हे करू नये, असं माझं ठाम मत आहे. १० पॉइंटांत स्टार्टर (सुरुवातीचे पोकेमॉन) बसवायचे, पैसे रीरोलला (बक्षिसांचे पर्याय बदलून घ्यायला) घालायचे की रिव्हाइव्हसाठी (बेशुद्ध पोकेमॉन उठवायला) राखायचे हे ठरवायचं, आणि असं २०० वेव्ह टिकायचं, हाच तर खेळ. हरायची धास्तीच गेली तर या निर्णयांना काय किंमत राहिली?

शेवटचा_चेंडू
अजिबात पटलं नाही. सेटिंग्जमध्ये ‘एनेबल रीट्राइज’ हा पर्याय आहे. तो चालू असेल तर टीम हरल्यावर गेम स्वतःच विचारतो, लढत पुन्हा खेळायची का. बनवणाऱ्यांनी दिलेल्या सोयीला फसवणूक कसं म्हणता? शिवाय प्रत्येक वेव्हचे फासे सीडवरून (नशिबाचा क्रम आधीच ठरवणाऱ्या आकड्यावरून) ठरलेले असतात. त्याच चाली त्याच क्रमाने केल्या तर तोच क्रिटिकल (जबर फटका) बसणार, आणि पोकेमॉन पकडायचे चेंडूही तितकेच हेलकावे खाऊन उघडणार. आधी झोपवून मग चेंडू टाका, किंवा एक टर्न थांबून टाका, तरच निकाल बदलतो. म्हणजे डोकं लागतंच.

गवताळ_वाट
हवा तो फासा पडेपर्यंत क्रम उलटेपालटे करत बसणं म्हणजे चाचपडणं. रायव्हल (वारंवार भेटणारा प्रतिस्पर्धी) ८, २५, ५५, ९५, १४५ आणि १९५ या वेव्हला येतो, आणि दर वेळी आधीपेक्षा तगडा होऊन. १४५ ला तुम्ही चार रिफ्रेश करून निसटलात, तर एकाच पोकेमॉनवर सगळी भिस्त आहे हे दुखणं तसंच राहतं. मग २०० ला शेवटचा बॉस इटरनेटस, आणि त्याचा दुसरा अवतार येतो. त्याच्याकडचं मिनी ब्लॅक होल दर टर्नला तुमच्या पोकेमॉनची एक वस्तू ओढून घेतं. लेफ्टओव्हर्स, मल्टी लेन्स, शेल बेल, जे काही एकाच्या अंगावर चढवलं असेल ते डोळ्यांदेखत जातं.

लोखंडी_कवच
पण नेमकं हेच पहिल्या खेपेला कोणाला माहीत असतं? १९९ वेव्ह काढून तिथे पोचलेल्या माणसाने पुन्हा एकपासून सुरुवात करायची, हा मला निव्वळ छळ वाटतो. इटरनेटस पॉयझन-ड्रॅगन आहे. स्टील प्रकारावर त्याचे पॉयझनचे हल्ले चालत नाहीत आणि ड्रॅगनचे निम्मे लागतात, पण त्याचा फ्लेमथ्रोअर हा आगीचा हल्ला स्टीलला भाजून काढतो. ग्राउंड, सायकिक, आइस, ड्रॅगन प्रकारचे हल्ले त्याला दुप्पट लागतात. हे लढूनच कळतं, आणि रिफ्रेश केलं की पुन्हा लढता येतं. फक्त डेली रनमध्ये (रोजच्या आव्हानात) करू नका. तिथे ५० वेव्ह, सगळ्यांना सीड एकच, आणि क्रमवारी लागते. तिथे रिफ्रेश म्हणजे दुसऱ्याच्या ताटातलं ओढणं.

शेवटचा_चेंडू
डेली रनबाबत मान्य. अजून एक, नवीन लोक इथेच फसतात: बक्षिसं आवडली नाहीत म्हणून रिफ्रेश करू नका. सगळी वेव्ह पुन्हा लढावी लागते, आणि तशीच लढलात तर बक्षिसंही तीच येतात. त्यापेक्षा रीरोलचे पैसे परवडतात.

गवताळ_वाट
डेली रनवर एकमत झालं, आनंद आहे. क्लासिकमध्ये मात्र मी ‘एनेबल रीट्राइज’ बंदच ठेवा म्हणेन, निदान पहिल्या विजयापर्यंत.