फरदड ठेवणाऱ्याला दंड व्हावा का?

धुऱ्यावरचा (यवतमाळ)
फेब्रुवारी लागला तरी शेजाऱ्याची कपाशीची पऱ्हाटी उभीच. पाणी देऊन फरदड, म्हणजे हंगाम संपल्यावरचा जादा कापूस, घेतोय. काल त्यातलं एक बोंड फोडून पाहिलं. दोन सरक्या एकमेकींना चिकटलेल्या, आत गुलाबी बोंडअळी मुडपून झोपलेली. पावसाळ्यात तिचा पतंग होणार आणि येणार माझ्याच वावरात. मी डिसेंबरातच पऱ्हाटी उपटली, ती कशाला? जानेवारीनंतर कपाशी दिसली की ग्रामपंचायतीनं दंड ठोकावा.

कोरडवाहू
दंड कोणाला, ज्याचे पहिले दोन वेचे मजुरीतच गेले त्याला? फरदडीच्या दोन क्विंटलांत पोरीची फी निघते, दादा. अळी मारणारी दोन जनुकं घातलेलं बीजी-२ हे बीटी बियाणं २००६ मध्ये आलं तेव्हा बोंडअळीची चिंताच नको म्हणाले होते. आता दोन्ही जनुकं अळीला पचतात. दंड बियाणंवाल्यांना लावा.

जुना_कास्तकार
बियाणंवाल्यांचं चुकलंच, पण आपलं? ४५० ग्रॅमच्या पाकिटासोबत १२० ग्रॅमचं नॉन-बीटी यायचं. ते वावराच्या कडेनं लावायचं होतं, म्हणजे त्यावर वाढलेले पतंग बीटीवरच्यांत मिसळून अळीला बीटी पचायला वेळ लागला असता. आम्ही ते पाकीट कोपऱ्यात फेकलं. खोटं कशाला बोलू?

धुऱ्यावरचा
@कोरडवाहू, तुमची फी माझ्या अळीनं डागाळलेल्या कवडी कापसातून निघते त्याचं काय? अळी बोंडात शिरली की फवारा तिच्यापर्यंत पोचत नाही. २०१७ ला फवारून फवारून आपल्या जिल्ह्यात माणसं मेली. अमेरिकेनं २०१८ मध्ये ही अळी संपल्याचं जाहीर केलं, आपल्याला का जमू नये?

कोरडवाहू
तिथं विमानातून वांझ पतंग सोडले, वर्षानुवर्षं. तुमची ग्रामपंचायत पतंग पकडायचा एक कामगंध सापळा तरी देते का?

सरकीवाली
सापळे मी स्वतः लावले. सलग तीन रात्री आठ-आठ पतंग आले की फवारायचं, असं सांगतात. पण आमच्या शेजारी कापसातून सरकी काढायचं जिनिंग आहे, सरकीचे ढीग उघड्यावर. तिथून येणारे पतंग काय मोजायचे? दंड लावायचाच तर तिथपासून सुरू करा.
आणि @धुऱ्यावरचा, तुम्ही उपटलेली पऱ्हाटी आहे कुठं?

धुऱ्यावरचा
घरामागं रचलीय. चुलीला लागते हो.

सरकीवाली
बोंडांसकट?