मदत हवी आहे: व्हॅलोरंट या पाच विरुद्ध पाच शूटिंग गेममध्ये प्रायव्हेट प्रॅक्टिस मॅच नीट कशी लावायची?

मंडळी, आमची पाच जणांची टीम आहे, रँक्डमध्ये रँडम लोकांसोबत खेळून डोकं फिरायची वेळ आलीये, म्हणून आता दुसऱ्या एका टीमबरोबर कस्टममध्ये (प्रायव्हेट मॅचमध्ये) स्क्रिम, म्हणजे सराव सामना, लावायचंय. पार्टी कोड देऊन सगळे लॉबीत येतात, मॅप निवडतो, इथपर्यंत ओके. पुढे गोंधळ.

एक तर सर्व्हर कोणता ठेवायचा यावरून रोज वाद, आम्हाला पिंग (सर्व्हरचा प्रतिसाद यायला लागणारा वेळ) छान मिळतो तिथे समोरच्यांचा लॅग होतो, मग मधला सर्व्हर घ्यायचा की अर्ध्या मॅप्सना त्यांचा, अर्ध्यांना आपला? आणि कुणी १३ राउंड जिंकले की मॅच संपू न देता सगळे २४ राउंड खेळायचा ऑप्शन स्क्रिमला लावता का तुम्ही? मला तर तोच बरा वाटतो, ७-१३ हरलो तरी डिफेन्सचा सराव पूर्ण होतो.

दुसरं म्हणजे लाइनअप, म्हणजे ठरलेल्या जागेवरून अ‍ॅबिलिटी नेमकी हव्या तिथे पाडणं. चीट्स ऑन करून इन्फिनिट अ‍ॅबिलिटीज लावल्या की सोव्हा या एजंटचे (कॅरेक्टरचे) डार्ट हवे तेवढे मारता येतात, घोस्ट मोडने उडत जाऊन डार्ट कुठे पडला तेही दिसतं, मस्त आहे. पण आम्हाला असेंट मॅपच्या ए साइटवर स्पाइक (बॉम्ब) लावल्यानंतरचा खेळ पुन्हा पुन्हा करायचाय, प्रत्येक वेळी अख्खा राउंड खेळत बसण्यात वेळ जातो. यावर काही जुगाड?

आणि कोचला बघत बसायचं असेल तर ऑब्झर्व्हर म्हणून घेता की डिस्कॉर्डवर स्क्रीन शेअर? ऑब्झर्व्हरला समोरच्यांचंही सगळं दिसतं म्हणून ते लोक कुरकुर करतायत, बरोबरच आहे म्हणा त्यांचं.