होमलोन खरं किती महाग पडतं? हप्त्यापलीकडचा हिशोब कसा करायचा

घरशोधक:

नमस्कार मंडळी, मी आणि बायको पहिलं घर घेतोय. कर्ज ५० लाख, व्याज ८.५ टक्के फ्लोटिंग (म्हणजे दर पुढे बदलू शकतो), मुदत २० वर्षं. हप्ता ४३,३९१ येतोय आणि तो दोघांच्या पगारात बसतोय, त्यामुळे बँकेतला माणूस म्हणाला की मग विचार कसला करताय, सही करा. पण घरी येऊन मी हप्ता गुणिले २४० महिने केलं तर आकडा १ कोटी ४ लाखांच्या वर गेला, म्हणजे ५० लाख घेऊन वर ५४ लाख व्याज? बायकोला दाखवलं तर ती पण गप्पच झाली. त्यात तो माणूस म्हणतोय की ३० वर्षं घ्या, हप्ता ३८,४४६ वर येईल, हात मोकळा राहील. एक मित्र म्हणतो मिळेल तो पैसा कर्जात टाक आणि लवकर मोकळा हो, दुसरा म्हणतो घाई करू नको, महागाईने कर्ज आपोआप हलकं होतं. दोघंही शिकलेले आहेत आणि दोघंही ठामपणे सांगतायत, म्हणून जास्तच गोंधळ झालाय. मला एवढंच समजून घ्यायचंय की या कर्जाचा खरा खर्च मोजायचा कसा, आणि त्यातलं आपल्या हातात किती असतं? सही करायच्या आधी कळलं तर बरं.

आकडेमोड:

सही करायच्या आधी हा प्रश्न विचारताय हे फार चांगलं केलंत, बरेच लोक पाचव्या वर्षी स्टेटमेंट बघून विचारतात.

पहिलं म्हणजे व्याज कशावर लागतं ते पक्कं डोक्यात ठेवा. व्याज मूळ ५० लाखांवर नाही, त्या महिन्याला जेवढं मुद्दल शिल्लक असेल तेवढ्यावरच लागतं. पहिल्या महिन्यात पूर्ण ५० लाख शिल्लक, त्याचं एका महिन्याचं व्याज ३५,४१७. तुम्ही भरणार ४३,३९१, म्हणजे मुद्दलातून गेले फक्त ७,९७४. पुढच्या महिन्यात शिल्लक किंचित कमी, व्याज किंचित कमी, मुद्दलात किंचित जास्त, असं ते अगदी हळूहळू सरकतं. किती हळू ते बघा. पाच वर्षांत तुम्ही २६ लाख भरलेले असता आणि कर्ज उतरलेलं असतं ५ लाख ९४ हजारांनी, म्हणजे अजून ४४ लाख बाकी. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, ३५ लाख बाकी. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त जायला लागतं ते बाराव्या वर्षाच्या शेवटाकडे, आणि कर्ज निम्म्यावर येतं जवळपास चौदाव्या वर्षी. यात बँकेची काही लबाडी नाहीये, गणितच तसं आहे, जोपर्यंत पैसा त्यांचा आपल्याकडे आहे तोपर्यंत त्याचं भाडं द्यायचं. पण म्हणूनच बँकेकडून अमॉर्टायझेशन शेड्यूल मागून घ्या, महिन्यागणिक व्याज किती मुद्दल किती याचा तक्ता, आणि तो दोघांनी बसून वाचा. नुसत्या हप्त्याच्या आकड्यातून यातलं काहीच दिसत नाही.

आता मुदत. ८.५ टक्क्यालाच १५ वर्षं घेतली तर हप्ता ४९,२३७ आणि एकूण व्याज ३८.६ लाख. २० वर्षांना ५४.१ लाख. ३० वर्षांना ८८.४ लाख. म्हणजे तो माणूस जो "हात मोकळा राहील" म्हणतोय ते महिन्याला ४,९४५ साठी आहे आणि त्याची किंमत आहे ३४ लाख जादा व्याज. ३० वर्षांची मुदत मी फक्त अशा माणसाला सुचवीन ज्याचा हप्ता खरोखरच बसत नाहीये, आणि त्यालाही आधी विचारीन की घर थोडं लहान चालेल का.

हप्तेकरी:

वरचं सगळं बरोबर पण ते दर बदलला नाही तर. तुमचं फ्लोटिंग आहे हो. यावर कोणी बोलत नाही आणि माझ्या मते सगळ्यात मोठा खर्च इथे लपलेला असतो.

दर वाढला की बँकेसमोर दोन रस्ते असतात, हप्ता वाढवायचा किंवा मुदत वाढवायची. पुष्कळदा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली जाते, कारण ग्राहकाला लगेच काही जाणवत नाही आणि तक्रार येत नाही. तुमच्याच आकड्यावर करून बघा, समजा सुरुवातीलाच दर ८.५ चा ९.५ झाला आणि हप्ता ४३,३९१ च राहिला, तर कर्ज २० ऐवजी साधारण पावणेसव्वीस वर्षं चालतं. एका टक्क्याने जवळजवळ सहा वर्षं वाढली! हप्ता वाढवून घेतला असता तर तो ४६,६०७ झाला असता, म्हणजे महिन्याला ३,२०० च्या आसपास जास्त, आणि कर्ज २० वर्षांतच संपलं असतं. आणि १०.५ झाला तर पहिल्या महिन्याचं व्याजच ४३,७५० होतं, हप्त्यापेक्षा जास्त, म्हणजे तो हप्ता भरत राहिलात तरी कर्ज कमी व्हायच्या ऐवजी वाढत जाईल.

आमच्या कर्जावर दर वाढल्याचा मेसेज आला की मी त्याच आठवड्यात विचारते, नवीन मुदत किती दाखवताय, आणि वाढली असेल तर हप्ता वाढवून घेते. तुम्ही आजच दोन टक्के जास्त दर धरून हप्ता काढा आणि तो झेपतोय का बघा. झेपत नसेल तर कर्ज मोठं आहे, एवढं सरळ.

आणि बॅलन्स ट्रान्सफरचं, म्हणजे उरलेलं कर्ज दुसऱ्या बँकेत हलवण्याचं, पण आत्ताच सांगून ठेवते, कारण तीन-चार वर्षांनी कोणीतरी फोन करणारच, सर अर्धा टक्का कमी देतो म्हणून. समजा पाच वर्षांनी ४४ लाख बाकी आहेत आणि तुम्ही ८ टक्क्याला दुसरीकडे नेलंत, पण मुदत पुन्हा नवीन २० वर्षं. हप्ता येईल ३६,८५३, खूप छान वाटेल. पण २० वर्षांत भराल ८८ लाखांच्या वर, आणि जुन्याच ठिकाणी राहिला असता तर उरलेल्या १५ वर्षांत ७८ लाख भरले असते. दर कमी घेऊन १० लाख जास्त गेले. हेच ट्रान्सफर करून हप्ता जुनाच ४३,३९१ ठेवला तर दहा हप्ते वाचतात, सव्वाचार लाखांच्या पुढे, त्यातून ट्रान्सफरला जी काही फी लागेल ती वजा करा आणि मग ठरवा.

दुसरीबाजू:

मी थोडं वेगळं बोलतो, कारण १ कोटी ४ लाख हा आकडा बघून लोक घाबरतात आणि घाबरून चुकीचे निर्णय घेतात.

तो आकडा आजचा पैसा आणि वीस वर्षांनंतरचा पैसा एकाच पोत्यात भरून काढलाय. विसाव्या वर्षाचा ४३,३९१ चा हप्ता आजच्या ४३,३९१ एवढा जड नसतो. वर्षाला ५ टक्के महागाई धरली तर तो शेवटचा हप्ता आजच्या १६,३५४ च्या तोलाचा आहे. सगळे २४० हप्ते असे आजच्या पैशात आणून बेरीज केली तर साधारण ६६ लाख येतात. म्हणजे आजच्या भावाने खरा जादा खर्च ५४ लाख नसून १६ लाखांच्या आसपास आहे. तुमचा दुसरा मित्र अगदीच चूक नाही. मात्र हे तेव्हाच खरं जेव्हा तुमचा पगार महागाईबरोबर वाढतो, पगार जागच्या जागी राहिला तर महागाई तुम्हाला काही मदत करणार नाही, उलट घरखर्च वाढून हप्ता आणखी टोचेल.

प्रीपेमेंटबद्दल, म्हणजे हप्त्याशिवाय जादा रक्कम भरण्याबद्दल, पण एक गैरसमज सगळीकडे दिसतो. पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख जास्त भरले तर शेवटचे अकरा हप्ते जातात, ४ लाख ८० हजारांच्या वर भरणा वाचतो. तेच १ लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर दीड लाखांचा भरणा वाचतो. यावरून लोक म्हणतात की उशिरा प्रीपेमेंट करून उपयोग नाही. असं नाहीये. दोन्ही वेळा तुमच्या पैशाला परतावा तोच ८.५ टक्के मिळाला, एकदा तो १९ वर्षं वाढला आणि एकदा ५ वर्षं, एवढाच फरक. म्हणून प्रश्न नेहमी असा विचारायचा की हाच पैसा दुसरीकडे ठेवला तर टॅक्स वजा जाता ८.५ च्या वर खात्रीने मिळेल का? खात्रीने हा शब्द महत्त्वाचा. कर्ज फेडण्यात जोखीम शून्य आहे, बाजारात नाही.

आणि माझा आग्रह आहे की सहा महिन्यांचा घरखर्च अधिक हप्ते एवढी रक्कम बाजूला पडेपर्यंत एक पैसाही जास्तीचा कर्जात टाकू नका. कर्जात टाकलेला पैसा सहसा परत काढता येत नाही, आणि नोकरी गेली तर बँक असं म्हणत नाही की मागे जास्त भरलंय ना, मग राहू द्या सहा महिने.

घरशोधक:

खूप खूप आभार, इतकं नीट कोणी सांगितलं नव्हतं. बायकोने पण वाचलं आणि तिचा प्रश्न आहे, ३० वर्षांचं कर्ज घेऊन दर महिन्याला स्वतःहून ४३,३९१ च भरले तर? अडचण आली तर ३८ हजारांवर यायची सोय राहील. आणि दुसरं, कर्जासोबत दीड लाखांचा विमा घ्यायला सांगतायत, प्रीमियम कर्जातच जोडून देतो म्हणतायत.

आकडेमोड:

वहिनींचा विचार गणितात शंभर टक्के बरोबर आहे, दर तोच असेल आणि जास्तीचा पैसा लगेच मुद्दलात जमा होत असेल तर ते कर्ज २० वर्षांतच संपतं आणि व्याजही तेवढंच लागतं. दोन गोष्टी लेखी विचारा, ३० वर्षांना दर जास्त तर नाही ना, आणि प्रत्येक महिन्याच्या जादा भरण्यावर चार्ज किंवा किमान रकमेची अट आहे का. राहता राहिली शिस्त, तर पगार झाल्या दिवशी आपोआप जाईल अशी सूचना लावून ठेवली तरच हे टिकतं, नाहीतर ते ४,९४५ दर महिन्याला कुठेतरी खर्च होतात.

पगार वाढत जाणार असेल तर आणखी एक बघा. २० वर्षांच्या कर्जात दरवर्षी हप्ता ५ टक्क्यांनी वाढवत नेला तर ते सव्वाबारा वर्षांत संपतं आणि व्याज ५४ वरून साडेचौतीस लाखांवर येतं. एवढं जमत नसेल तर वर्षाला एकच जादा हप्ता भरा, तरी कर्ज साडेसोळा-पावणेसतरा वर्षांत आटपतं आणि १० लाखांच्या आसपास वाचतात. मला स्वतःला हा एक जादा हप्त्याचा मार्ग सगळ्यात आवडतो कारण तो वर्षानुवर्षं निभावता येतो.

जुनीपेन्सिल:

विम्याचं मी सांगतो. घर चालवणारं माणूस गेलं तर मागच्यांवर कर्ज पडू नये म्हणून विमा हवाच, त्यात तडजोड नको, विशेषतः तुमच्यासारखं दोघांच्या पगारावर हप्ता असेल तेव्हा. पण प्रीमियम कर्जात जोडू नका. दीड लाख कर्जात टाकले की त्यावर पण ८.५ टक्के लागतात, हप्ता १,३०२ ने वाढतो आणि २० वर्षांत ते दीड लाख ३ लाख १२ हजारांना पडतात. वेगळा टर्म प्लॅन (ठराविक मुदतीत मृत्यू झाला तरच पैसे देणारा विमा) कितीला मिळतो ते विचारा, दोघांचा स्वतंत्र, आणि शेजारी शेजारी ठेवून बघा. कर्जासोबतच्या बऱ्याच विम्यांत कर्ज उतरेल तसं संरक्षणही उतरत जातं हे पण तपासा.

फीचं पण तसंच. प्रोसेसिंग, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन मिळून कर्जाच्या १ टक्का धरले तर तुमचा ८.५ चा दर खरंतर २० वर्षांसाठी ८.६३ च्या आसपास असतो, आणि पाच वर्षांत कर्ज बंद केलंत तर ८.७५ च्या पुढे. म्हणून दोन बँकांची तुलना करताना नुसता दर नाही, फी धरून येणारा वार्षिक दर मागा.

आणि घराचा खर्च वेगळाच. नोंदणी, मालमत्ता कर, सोसायटीचा मेंटेनन्स, गळती, रंग, वायरिंग. दुरुस्तीसाठी वर्षाला घराच्या किमतीच्या साधारण १ टक्का बाजूला ठेवावा असा ढोबळ नियम सांगतात, तो नव्या घराला जास्त वाटेल आणि पंधरा वर्षांनी कमी पडेल. हप्ता बसतोय का हे बघताना हे सगळं धरून बसतंय का ते बघा.

हप्तेकरी:

एक राहिलं. जेव्हा केव्हा प्रीपेमेंट कराल तेव्हा अर्जावर स्पष्ट लिहा, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा. काही लिहिलं नाही तर कधी कधी हप्ता कमी करून देतात आणि कर्ज तेवढीच वर्षं चालू राहतं. आठवड्याभराने नवीन शेड्यूल मागवा आणि शेवटच्या हप्त्याची तारीख खरंच अलीकडे आलीय का ते बघा.